नेताजींना घेऊन गेलेल्या पाणबुड्या आणि त्यांतली माणसं

नेताजी सुभाषचंद्र बोस जर्मनीतून पाणबुडीने निघाले आणि भर समुद्रात जपानी पाणबुडीत चढले, ही गोष्ट आपल्याकडे शाळकरी पोरांनाही ठाऊक असते. पण त्या दोन पाणबुड्यांचं पुढे काय झालं, हे क्वचितच कोणी विचारतं. नेताजी उतरले, गोष्ट त्यांच्याबरोबर सिंगापूरला गेली, आणि त्यांना तिथवर नेणारे खलाशी गोष्टीतून गळाले ते गळालेच.

आज त्या खलाशांबद्दल लिहायचं आहे. पोस्ट मोठी आहे, सवडीने वाचा.

जर्मन पाणबुडीचं नाव यू-१८०, कप्तान वेर्नर मुसेनबर्ग. फेब्रुवारी १९४३ मध्ये ती कीलहून निघाली, तेव्हा नेताजी आणि त्यांचे सहकारी आबिद हसन तिच्यात होते. ब्रिटनला वरून वळसा, मग अख्खा अटलांटिक, मग आफ्रिकेचं टोक. वाटेत १८ एप्रिलला या बोटीने कॉर्बिस नावाचं ब्रिटिश तेलवाहू जहाज बुडवलं. महिनाअखेरीस मादागास्करच्या आग्नेयेला जपानची आय-२९ भेटली. समुद्र खवळलेला होता, बोटी एकमेकींना खेटू शकत नव्हत्या. शेवटी २८ एप्रिलला रबरी तराफ्यातून, दोराच्या आधाराने, दोघं पलीकडे गेले. उलट दिशेने दोन जपानी नौदल अधिकारी जर्मन बोटीत आले. त्यांतल्या एकाचं नाव हिदेओ तोमोनागा. हे नाव लक्षात ठेवा, पुढे परत येणार आहे.

यू-१८० ला वेगवान टॉर्पेडो-बोटींसाठी बनवलेली इंजिनं बसवली होती. ती धूर ओकायची आणि आतला भाग भट्टीसारखा तापवायची. आबिद हसन यांच्या आठवणींत सगळ्यात ठसठशीत काय असेल तर डिझेलचा वास. पांघरुणाला वास, पावाला वास. कोठारात तांदूळ आणि डाळ सापडली तेव्हा हसननी खिचडी केली. त्या वासात नेताजी आपल्या पुस्तकाच्या नव्या आवृत्तीचं काम करत बसायचे. आपल्याला हे वाचून नेताजींच्या चिकाटीचं कौतुक वाटतं, आणि वाटायलाच हवं. पण ते पाहुणे होते, सुमारे अडीच महिन्यांनी सुटले. खलाशांना त्याच डब्यात परत यायचं होतं, आणि मग पुन्हा जायचं होतं.

त्या काळच्या पाणबुडीबद्दल एक गैरसमज आधी दूर करू. आजची अणुपाणबुडी महिनोन्महिने पाण्याखाली राहते. तेव्हाची पाणबुडी म्हणजे खरं तर पृष्ठभागावर चालणारी बोट; गरज पडली की बुडी मारणारी. वर डिझेल इंजिन, खाली बॅटरीवरची मोटर. जर्मनांनी सगळ्यात जास्त बनवलेली टाइप सेव्हन-सी घ्या. लांबी ६७ मीटर. वर असताना ताशी १७ नॉट वेग, पाण्याखाली जेमतेम साडेसात. आणि तो वेगही फार वेळ धरता येत नसे, कारण बॅटरी संपायची. सावकाश, चार नॉटने गेलं तर साधारण ८० सागरी मैल. त्यानंतर वर यावंच लागे, शत्रू डोक्यावर असो वा नसो.

या ६७ मीटरमध्ये इंजिनं, बॅटऱ्या, १४ टॉर्पेडो आणि ४५ ते ५० माणसं. माणसांची सोय सगळ्यांत शेवटी. बंक माणसांपेक्षा कमी. एकाची पाळी सुरू झाली की दुसरा त्याच्याच उबेत जाऊन झोपणार. संडास दोन, पण निघताना एकात खाण्याचं सामान ठासलेलं, म्हणजे पहिले काही आठवडे पन्नास माणसांत एक. गोडं पाणी फक्त पिण्यापुरतं. अंघोळ नाही, दाढी नाही, कपडे बदलणं जवळजवळ नाही. पावावर पांढरी बुरशी चढली की तिला खलाशी गमतीने ससे म्हणायचे आणि आतला भाग पोखरून खायचे.

आणि हो, संडासाची गोष्ट हसण्यावारी नेऊ नका. युद्धाच्या अखेरीला जर्मनांनी खोल पाण्यातही वापरता येईल असा उच्चदाबाचा संडास काही बोटींत बसवला. १४ एप्रिल १९४५ ला यू-१२०६ ही बोट स्कॉटलंडच्या किनाऱ्याजवळ होती. त्या यंत्रणेत गडबड झाली, समुद्राचं पाणी आत शिरलं आणि खालच्या बॅटऱ्यांवर गेलं. खारं पाणी आणि बॅटरीतलं आम्ल एकत्र आलं की क्लोरीन वायू तयार होतो. बोट वर आणावी लागली, वर विमानं होती. बोट सोडून द्यावी लागली आणि चार माणसं गेली. युद्ध संपायला महिनासुद्धा उरला नव्हता.

हल्ला झाला की काय व्हायचं? वरच्या जहाजाचा ध्वनिशोधक पाण्यात आवाज सोडतो आणि तो बोटीच्या पत्र्यावर टणटण आपटलेला आतल्या सगळ्यांना ऐकू येतो. मग डेप्थ चार्ज, म्हणजे ठरावीक खोलीवर फुटणारी स्फोटकांनी भरलेली पिंपं. कप्तान मोटर मंद करतो. ज्यांना काम नाही त्यांनी बंकवर पडून राहायचं, कारण हालचाल केली की श्वास जास्त लागतो आणि हवा मोजकीच आहे. बोलणं बंद. हातातला पाना खाली पडला तरी वर ऐकू जाईल. हे तासभरही चालायचं, कधी दिवसभरही. पायदळातल्या सैनिकाला निदान पळता येतं, गोळी झाडता येते. इथे पन्नास माणसांनी काही न करता पडून राहायचं, हीच लढाई.

यात कप्तानही कोसळले. ऑक्टोबर १९४३ मध्ये यू-५०५ वर डेप्थ चार्जचा मारा चालू असताना तिचा कप्तान पीटर झेख याने बोटीतच स्वतःवर गोळी झाडून घेतली. दुसऱ्या क्रमांकाच्या अधिकाऱ्याने ताबा घेतला आणि बोट सुखरूप परत आणली. हीच यू-५०५ पुढे जून १९४४ मध्ये अमेरिकेच्या हाती लागली. आज ती शिकागोच्या संग्रहालयात आहे, लोक तिकीट काढून आत फिरतात.

आता आकडे. दुसऱ्या महायुद्धात सुमारे ४०,००० जर्मन पाणबुड्यांतून लढायला गेले. त्यांतले सुमारे ३०,००० मेले. चारातले तीन. बहुतेकांची थडगी नाहीत. कीलजवळ मोल्टेनोर्टला स्मारक आहे, तिथे ब्राँझच्या पाट्यांवर बोटवार नावं कोरली आहेत.

पण माझ्या मते खरा प्रश्न या आकड्याच्या पोटात आहे. ही माणसं कधी मेली? १९४० ते ४२ पर्यंत जर्मन पाणबुड्यांनी अटलांटिकमध्ये धुमाकूळ घातला होता. मग दोस्तांकडे एकापाठोपाठ एक गोष्टी आल्या. अंधारात आणि धुक्यात दिसणारं नवं रडार. लांब पल्ल्याची लिबरेटर विमानं. ताफ्याबरोबर चालणारी छोटी विमानवाहू जहाजं. बोटीने बिनतारी संदेश पाठवला की तिची दिशा पकडणारी यंत्रं. आणि ब्लेचली पार्कमध्ये बसून एनिग्माचे संदेश वाचणारी माणसं. या शेवटच्या गोष्टीसाठीही कोणीतरी जीव दिलाय. ३० ऑक्टोबर १९४२ ला भूमध्य समुद्रात बुडत चाललेल्या यू-५५९ मध्ये ब्रिटिश नौदलाचे अँथनी फॅसन आणि कॉलिन ग्रेझियर उतरले, सांकेतिक पुस्तकं वर दिली, आणि बोटीबरोबर तळाला गेले. त्यांच्याकडून ती पुस्तकं घेणारा टॉमी ब्राउन जहाजावरच्या कॅन्टीनमध्ये काम करायचा. वय १६.

मे १९४३ या एका महिन्यात ४१ जर्मन पाणबुड्या बुडाल्या. त्यांतल्या यू-९५४ वर नौदलप्रमुख कार्ल ड्योनित्झचा धाकटा मुलगा पीटर होता. २४ मेला ड्योनित्झने उत्तर अटलांटिकमधून बोटी मागे घेतल्या. म्हणजे डाव हरला हे त्याला कळलं होतं. मग तो थांबला का? नाही. नवी शस्त्रं येईपर्यंत दोस्तांची जहाजं आणि विमानं गुंतवून ठेवायची, या हिशेबाने बोटी जातच राहिल्या, आणखी दोन वर्षं. बुडालेल्या बोटींपैकी निम्म्याहून जास्त त्या मे महिन्यानंतर बुडाल्या. तोवर नव्या भरतीची पोरं अठरा-एकोणीस वर्षांची होती, आणि पहिल्याच फेरीत बोट गेली अशी उदाहरणं ढिगाने आहेत.

आतल्या लोकांना कळत नव्हतं का? कळत होतं. बोलण्याची किंमत काय होती, ते ऑस्कर कुशच्या प्रकरणावरून दिसतं. हा यू-१५४ चा तरुण कप्तान. याने बोटीतल्या अधिकाऱ्यांच्या खोलीतून हिटलरची तसबीर हलवली. परदेशी रेडिओ ऐकायचा, युद्ध हरणार असं सहकाऱ्यांशी मोकळेपणी बोलायचा. त्याच्याच हाताखालच्या उलरिख आबेल नावाच्या अधिकाऱ्याने तक्रार केली. हा आबेल कायद्यातला डॉक्टरेट. जानेवारी १९४४ मध्ये कीलला खटला चालला. सरकारी वकिलाने तुरुंगवास मागितला होता, न्यायालयाने मृत्युदंड दिला. १२ मे १९४४ ला कुशला गोळ्या घातल्या, वय २६. आणि तक्रार करणारा आबेल? त्याला स्वतःची बोट मिळाली, यू-१९३. ती एप्रिल १९४४ मध्ये बिस्केच्या उपसागरात सगळ्यांसकट नाहीशी झाली. म्हणजे कुशच्या आधी आबेल मेला. जर्मनीने कुशला निर्दोष ठरवलं ते १९९० च्या दशकात.

इथे कोणी म्हणेल, नाझींच्या सैनिकांचं एवढं काय कौतुक? कौतुक नाहीच. हीच माणसं व्यापारी जहाजांवरच्या निःशस्त्र खलाशांना बुडवत होती. यू-८५२ च्या कप्तानाने, हाइन्झ एकने, मार्च १९४४ मध्ये पेलेअस नावाचं ग्रीक जहाज बुडवल्यावर पाण्यात तराफ्यांना धरून असलेल्या लोकांवर मशीनगन चालवली. युद्धानंतर खटला होऊन त्याला गोळ्या घालण्यात आल्या.

पण त्याच नौदलात वेर्नर हार्टेनस्टाइनही होता. १२ सप्टेंबर १९४२ ला त्याच्या यू-१५६ ने लॅकोनिया जहाज बुडवलं. मग कळलं की आत सुमारे १,८०० इटालियन युद्धकैदी आहेत आणि बायका-मुलंही आहेत. त्याने बुडणाऱ्यांना बोटीत घेतलं, होड्या दोराने ओढल्या, रेडक्रॉसचं चिन्ह पसरलं आणि बिनतारीवर उघड्या इंग्रजीत जाहीर केलं की मदतीला या, मी हल्ला करणार नाही. चौथ्या दिवशी अमेरिकन विमानाने त्याच्यावर बॉम्ब टाकले. त्याला लोकांना सोडून बुडी मारावी लागली. लगेच ड्योनित्झचा हुकूम निघाला: यापुढे कोणालाही वाचवायचं नाही. हार्टेनस्टाइनही पुढच्या मार्चमध्ये सगळ्या खलाशांसकट गेला.

न्यूरेंबर्गला ड्योनित्झवर खटला चालला तेव्हा अमेरिकेचे अ‍ॅडमिरल निमिट्झ यांनी लेखी उत्तर दिलं की पॅसिफिकमध्ये अमेरिकेनेही पहिल्या दिवसापासून असंच निर्बंधमुक्त पाणबुडी-युद्ध केलं. ड्योनित्झला दहा वर्षं झाली. तो १९५६ ला सुटला आणि १९८० पर्यंत जगला.

अमेरिकेचं नाव निघालंच आहे तर त्यांचीही गोष्ट बघू, कारण हुकूमशाहीतच खालच्यांचं ऐकत नाहीत असं समजायचं कारण नाही. अमेरिकन पाणबुड्या युद्धात उतरल्या त्या मार्क-१४ नावाचा टॉर्पेडो घेऊन. एकेक टॉर्पेडो सुमारे दहा हजार डॉलरचा. एवढी महागाची वस्तू फोडून कशाला बघायची, म्हणून युद्धाआधी खऱ्या स्फोटाच्या चाचण्या जवळजवळ झाल्याच नव्हत्या. कप्तान परत येऊन सांगायचे, टॉर्पेडो जहाजाच्या खालून निघून जातो, किंवा मध्येच फुटतो, किंवा आपटूनही फुटत नाही. वॉशिंग्टनच्या शस्त्रखात्याचं उत्तर ठरलेलं: टॉर्पेडो उत्तम आहे, तुमचा नेम चुकतो.

शेवटी जून १९४२ मध्ये अ‍ॅडमिरल लॉकवूड यांनी ऑस्ट्रेलियात मासेमारीचं जाळं विकत घेऊन पाण्यात लावलं आणि त्यावर टॉर्पेडो सोडले. जाळ्याला भोक कुठे पडलं ते मोजलं. टॉर्पेडो ठरवलेल्या खोलीपेक्षा सुमारे तीन मीटर खालून जात होता. एक दोष सापडला, तरी आणखी दोन बाकी होते. २४ जुलै १९४३ ला टिनोसा या पाणबुडीने जपानच्या तोनान मारू या प्रचंड तेलवाहू जहाजावर एकूण १५ टॉर्पेडो सोडले. पहिल्या काहींनी जहाज जागीच थांबलं. मग कप्तान डॅस्पिटने अगदी पुस्तकात सांगितल्याप्रमाणे काटकोनात उभं राहून एकेक मारला, आणि एकेक ठण्ण करून फुस्स. त्याने शेवटचा टॉर्पेडो मुद्दाम जपून पर्ल हार्बरला परत आणला, पुरावा म्हणून. मग हवाईच्या कड्यांवर टॉर्पेडो मारून आणि क्रेनवरून खाली टाकून चाचण्या झाल्या. काटकोनात आपटला की स्फोटाची पिन वाकते आणि तिरका आपटला की नीट फुटतो, असं निघालं. म्हणजे जो चांगला नेम धरेल त्याचाच टॉर्पेडो फुटणार नाही! दुरुस्ती होईपर्यंत युद्ध सुरू होऊन पावणेदोन वर्षं होत आली होती.

अमेरिकेच्या ५२ पाणबुड्या आणि सुमारे ३,५०० माणसं गेली. त्यांतली टँग ही अत्यंत यशस्वी बोट ऑक्टोबर १९४४ मध्ये स्वतःच्याच शेवटच्या टॉर्पेडोने बुडाली. तो भरकटला आणि गोल फिरून परत आला. ८७ जणांतले ७८ गेले.

आपल्याकडचं एक उदाहरण इथे आठवतं. ऑगस्ट २०१३ मध्ये मुंबईच्या नौदल गोदीत सिंधुरक्षक पाणबुडीत स्फोट होऊन १८ जण गेले. २६ फेब्रुवारी २०१४ ला मुंबईजवळच्या समुद्रात सिंधुरत्नमध्ये धूर होऊन दोन अधिकारी मेले. त्याच दिवशी नौदलप्रमुख अ‍ॅडमिरल डी. के. जोशी यांनी नैतिक जबाबदारी घेऊन राजीनामा दिला. आपल्या सार्वजनिक जीवनात हे किती वेळा घडतं? वरच्याने जबाबदारी घेतल्याने गेलेली माणसं परत येत नाहीत, आणि एका राजीनाम्याने जुन्या बोटी नव्या होत नाहीत. पण पत्र्याच्या डब्यात बसलेल्या माणसाला एवढं तरी कळतं की वर बसलेला आपला हिशेब ठेवतोय.

आता त्या दोन बोटींकडे येतो.

आय-२९ नेताजींना सुमात्राजवळ साबांगला सोडून परत कामाला लागली. पुढे ती जर्मनांच्या ताब्यातल्या फ्रान्सपर्यंत गेली आणि जेट विमानांचे आराखडे घेऊन परत निघाली. अमेरिकनांनी जपानी संदेश वाचले होते. २६ जुलै १९४४ ला फिलिपीन्सच्या उत्तरेला सॉफिश ही अमेरिकन पाणबुडी तिची वाट पाहत होती. शंभराच्या आसपास माणसांतला एक जण पोहत किनाऱ्याला लागला.

यू-१८० ची ती भट्टीसारखी इंजिनं बदलून तिला मालवाहू केलं. ऑगस्ट १९४४ मध्ये ती बोर्दोहून पूर्वेकडे निघाली आणि बिस्केच्या उपसागरातच बुडाली. ५६ माणसं, एकही वाचला नाही. कप्तान मुसेनबर्ग तोवर बदलून गेला होता.

आणि तोमोनागा, जो नेताजींच्या बदल्यात जर्मन बोटीत आला होता? तो दोन वर्षं युरोपात राहिला. १९४५ च्या वसंतात यू-२३४ मधून जपानला परत निघाला. बोटीत ५६० किलो युरेनियम ऑक्साइड होतं. वाटेत जर्मनीने शरणागती पत्करली. कप्तानाने अमेरिकेच्या हवाली व्हायचं ठरवलं. तोमोनागा आणि त्याच्याबरोबरचा दुसरा जपानी अधिकारी शोजी यांनी झोपेच्या गोळ्या घेतल्या. जर्मन खलाशांनी त्यांना समुद्रातच मूठमाती दिली.

शेवटी एक गोष्ट आपल्या घरची. या पाणबुड्यांनी जी ब्रिटिश व्यापारी जहाजं बुडवली, त्यांच्यावर हजारो हिंदी खलाशी होते. रत्नागिरीकडचे डेकवर, गोव्याचे स्वयंपाकघरात आणि सलूनमध्ये, पंजाब-सिल्हेटचे इंजिनरूममध्ये कोळसा ओढायला. गोऱ्या खलाशांपेक्षा पगार कितीतरी कमी. इंजिनरूम सगळ्यांत खाली, आणि टॉर्पेडो लागतो तो तिथेच. सहा हजारांहून जास्त हिंदी खलाशी या युद्धात गेले. ज्यांना थडगं मिळालं नाही त्यांची नावं मुंबईत मस्जिद बंदरच्या बाजूला इंडियन सेलर्स होममध्ये जपून ठेवली आहेत, आणि तशीच चितगावला. मुंबईत जन्म काढलेल्या किती जणांनी ती पाहिली असतील?

कॉमनवेल्थ वॉर ग्रेव्हज कमिशनच्या संकेतस्थळावर ही नावं शोधता येतात. कोकणात किंवा गोव्यात तुमच्या घरी "आजोबा बोटीवर होते, लढाईत गेले" एवढंच सांगितलं जात असेल, तर तिथे नाव टाकून बघा. जहाजाचं नाव मिळेल, तारीख मिळेल. आणि घरात कोणी म्हातारं माणूस अजून असेल, तर त्याच्याकडून जे आठवतंय ते आत्ताच लिहून घ्या. माहिती मिळाली तर इथे खाली टाका, मी एकत्र करून ठेवतो.